वॉल्सएंड आणि मिनमी : दोन खाणगावांची नावे व त्यांचा इतिहास

१. विषयप्रवेश

ऑस्ट्रेलियाच्या न्यू साउथ वेल्स राज्यात हंटर नदीच्या मुखाशी न्यूकासल हे बंदर आहे. ह्या शहराच्या मध्यभागापासून पश्चिमेस सुमारे दहा-बारा किलोमीटरवर वॉल्सएंड आणि त्याच्याही पलीकडे, शुगरलोफ डोंगररांगेच्या पायथ्याकडे, मिनमी अशी दोन उपनगरे लागतात. आज ह्या दोन्ही ठिकाणी राहणारी बहुसंख्य माणसे सकाळी कामासाठी शहराकडे जातात व सायंकाळी परततात. कोळशाशी त्यांच्या उपजीविकेचा प्रत्यक्ष संबंध क्वचितच येतो. परंतु एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात ही दोन्ही गावे केवळ कोळशासाठी वसली, कोळशावर वाढली आणि कोळसा दुसरीकडे गेल्यावर खचली. पुढे शहर पसरत पसरत त्यांच्यापर्यंत आले तेव्हा त्यांना उपनगर ही नवी अवस्था प्राप्त झाली.

अशा गावांचा इतिहास अर्थशास्त्रज्ञ उत्पादनाच्या आकड्यांवरून लिहितो आणि भूगोलज्ञ लोहमार्गांच्या नकाशांवरून लिहितो. प्रस्तुत लेखात तो शब्दांवरून, विशेषतः स्थलनामे आणि खाणीतील व्यवसायशब्द ह्यांवरून, पाहण्याचा प्रयत्न केला आहे. ह्या प्रदेशाचा नकाशा पाहताच इंग्लंडच्या ईशान्य भागाचे स्मरण होते. न्यूकासल, वॉल्सएंड, जेस्मंड, लॅम्ब्टन, स्टॉकटन, हेक्सहॅम, किलिंगवर्थ ही सर्व नावे टाइन नदीच्या परिसरातील अथवा डरहम-नॉर्थंबरलंडकडील आहेत. दूर देशी आलेल्या खाणकामगारांनी मायभूमीच्या आठवणीने ही नावे दिली, असे सामान्यतः समजले जाते. हे मत ऐकावयास गोड आहे, परंतु ते पुराव्याच्या कसोटीस कितपत उतरते हे पाहणे अगत्याचे आहे. नाव कोणी दिले, कोणत्या हेतूने दिले आणि ते कोणाच्या नावाच्या जागी बसले, हे तीन प्रश्न निरनिराळे आहेत. ते एकत्र मिसळल्यास स्थलनामांचा अभ्यास केवळ भावनेचा विषय होऊन बसतो.

२. कोळशाचा शोध आणि बंदराची स्थापना

ह्या इतिहासाच्या आरंभी हिंदुस्थानाचा दोन वेळा संबंध येतो. कलकत्त्याहून सिडनीकडे निघालेले 'सिडनी कोव्ह' हे जहाज १७९७ मध्ये टास्मानियाच्या उत्तरेकडील बेटांपाशी बुडाले. त्यावरील काही युरोपीय व हिंदी खलाशी किनाऱ्याने पायी सिडनीकडे निघाले. त्यांतील जे थोडे जिवंत पोचले त्यांनी वाटेत, सिडनीच्या दक्षिणेस, कोळसा पाहिल्याचे सांगितले. त्यावरून जॉर्ज बास ह्याने त्या स्थळाची पाहणी केली. त्याच वर्षी सप्टेंबरात लेफ्टनंट जॉन शॉर्टलंड ह्याला सिडनीच्या उत्तरेस एका नदीच्या मुखाशी कोळसा आढळला. नदीला गव्हर्नर हंटर ह्याचे नाव देण्यात आले, तथापि लोकांच्या तोंडी ती 'कोल रिव्हर', म्हणजे कोळशाची नदी, अशीच राहिली. १७९९ मध्ये येथील कोळसा जहाजाने बंगालला पाठविण्यात आला. ऑस्ट्रेलियाच्या कोळसा-निर्यातीचा आरंभ ह्या खेपेपासून धरतात.

१८०१ मध्ये केलेली पहिली वसाहत लवकरच उठली. सिडनीजवळ कॅसल हिल येथे १८०४ च्या मार्चमध्ये कैद्यांचे बंड झाले. ते मोडल्यावर बंडातील आयरिश कैद्यांना कोल रिव्हरवर पाठवून कायमचे ठाणे करण्यात आले व त्याला न्यूकासल हे नाव मिळाले. येथे लक्षात घ्यावयाची गोष्ट अशी की, न्यूकासल हे नाव देणारा गव्हर्नर किंग हा खाणकामगार नव्हता आणि ज्यांना तेथे कोळसा खणावयास लावले त्यांतील पुष्कळांची मायभूमी टाइनकाठी नव्हती. इंग्लंडमधील न्यूकासल हे कोळशाच्या व्यापाराचे सुप्रसिद्ध केंद्र होते. नव्या ठिकाणी कोळसा होता. एवढ्या साम्यावर हे नाव बेतलेले आहे. म्हणजे ते स्मृतिवाचक नसून वर्णनात्मक आहे. विशेषनामाच्या वेषातील ते जणू एक विशेषणच होय.

पुढे 'ऑस्ट्रेलियन ॲग्रिकल्चरल कंपनी' ह्या १८२४ मध्ये स्थापन झालेल्या कंपनीकडे येथील खाणी आल्या. तिने १८३१ च्या डिसेंबरात आपल्या पहिल्या खाणीपासून बंदरापर्यंत उतारावरून कोळशाच्या गाड्या सोडणारा लोखंडी मार्ग सुरू केला. तो ऑस्ट्रेलियातील पहिला लोहमार्ग मानला जातो. ह्या कंपनीचा कोळशावरील एकाधिकार १८४७ मध्ये संपुष्टात आला. तो संपल्यामुळेच वॉल्सएंड आणि मिनमी ही गावे संभवली.

३. निक्किन

कोळशाला ह्या प्रदेशात इंग्रजांच्या आधीपासून नाव होते. हंटर नदीच्या मुखापासून दक्षिणेस मॅक्वारी सरोवरापर्यंत राहणाऱ्या मूळ रहिवाशांच्या भाषेत कोळशाला 'निक्किन' आणि कोळशाच्या ठिकाणाला 'निक्किन्बा' म्हणत. ज्या जागी न्यूकासल वसले तिचे नाव 'मुलुबिन्बा' असे होते. मुलुबिन म्हणजे तेथे उगवणारे एक नेचे. दोन्ही नावांच्या अंती येणारा 'बा' हा प्रत्यय स्थान दाखवितो. 'अमुक वस्तू जेथे आहे ती जागा' असा त्याचा अर्थ असून आपल्याकडील वडगाव, पिंपळगाव ह्यांसारख्या वृक्षवाचक ग्रामनामांशी ह्या रचनेचे साम्य सहज ध्यानात येईल.

ही माहिती आपणांस उपलब्ध आहे ती लॅन्सलॉट थ्रेल्केल्ड ह्या मिशनऱ्यामुळे आणि त्याहूनही अधिक बिराबान ह्या मूळ रहिवाशामुळे. थ्रेल्केल्ड १८२५ मध्ये मॅक्वारी सरोवराकाठी आला. बिराबानचे बालपण सिडनीच्या लष्करी छावणीत गेल्यामुळे त्याला इंग्रजी उत्तम येत असे. दोघांनी वर्षानुवर्षे एकत्र बसून भाषेची नोंद केली. ह्या साहाय्याबद्दल १८३० मध्ये गव्हर्नर डार्लिंग ह्याने बिराबानला पितळी पट्टा दिला व त्यावर त्याने आपली भाषा लेखनिविष्ट करण्यास मदत केल्याचा उल्लेख कोरविला. थ्रेल्केल्डचे व्याकरण १८३४ मध्ये सिडनी येथे छापले गेले. मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश त्यापूर्वी तीनच वर्षे, १८३१ मध्ये, मुंबईस प्रसिद्ध झाला होता. एकाच साम्राज्याच्या दोन टोकांना एकाच दशकात भाषालेखनाचे असे काम चालले होते. परंतु मराठीला त्या काळी लक्षावधी भाषक होते. सरोवराकाठच्या भाषेचे भाषक मात्र व्याकरण छापले जात असतानाच रोगराई, हिंसा आणि भूमिहरण ह्यांमुळे वेगाने घटत होते. ऐकणारेच उरले नाहीत म्हणून १८४१ च्या अखेरीस ते मिशन बंद करावे लागले.

येथे इतिहासाचा एक विलक्षण योग आहे. मिशनचा खर्च भागेना म्हणून थ्रेल्केल्डने १८४० नंतरच्या पहिल्या काही वर्षांत सरोवराकाठी 'एबेनेझर' नावाची कोळशाची खाण काढली. 'निक्किन' ह्या शब्दाची नोंद करणारा आणि सरोवराकाठी पहिली खाण उघडणारा, असे दोघे एकच गृहस्थ होते. शब्द आणि वस्तू दोन्ही त्याच्या हातून जगापुढे आली. वस्तू विकली गेली आणि शब्द ग्रंथात राहिला. पुढे १८९२ मध्ये जॉन फ्रेझर ह्याने थ्रेल्केल्डचे लेखन एकत्र छापले. त्या भाषेला 'अवाबाकल' हे नाव फ्रेझरनेच दिले. 'अवाबा' हे सरोवराचे नाव व 'कल' हा 'तेथील पुरुष' ह्या अर्थाचा प्रत्यय, अशी त्याची घटना आहे. म्हणजे ज्या नावाने आज ती भाषा ओळखली जाते ते नावही बाहेरच्याने, तिच्याच व्याकरणाच्या आधारे, नंतर घडविलेले आहे.

४. भिंत नसलेले वॉल्सएंड

आता वॉल्सएंड ह्या नावाकडे वळू. 'वॉल्सएंड' म्हणजे भिंतीचा शेवट. रोमन सम्राट हेड्रियन ह्याच्या आज्ञेने इ. स. १२२ पासून ब्रिटनच्या उत्तर सीमेवर जी तटबंदी उभारली गेली तिचे पूर्वेकडील टोक टाइन नदीकाठी सेगेडुनम ह्या ठाण्यापाशी होते. त्या जागी पुढे जे गाव झाले ते वॉल्सएंड. न्यू साउथ वेल्समधील वॉल्सएंडला ना भिंत आहे, ना तिचा शेवट. नावाचा व्युत्पत्त्यर्थ तेथे पोचेपर्यंत पूर्णपणे गळून पडलेला होता.

मग कोणता अर्थ पोचला? ह्याचे उत्तर लंडनच्या कोळसा-बाजारात आहे. टाइनकाठच्या वॉल्सएंड येथे अठराव्या शतकाच्या अखेरीस जी खाण सुरू झाली तिचा कोळसा घरगुती चुलाण्यांसाठी सर्वोत्कृष्ट ठरला. त्याला भाव अधिक मिळू लागला, तेव्हा इतर खाणमालकांनीही आपल्या उत्तम कोळशाला तेच नाव जोडण्यास आरंभ केला. 'स्ट्यूअर्ट्स वॉल्सएंड', 'हेटन वॉल्सएंड', 'लॅम्ब्टन वॉल्सएंड' असे माल बाजारात आले. त्यांचा त्या गावाशी काहीएक संबंध नव्हता. म्हणजे एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धातच 'वॉल्सएंड' हे विशेषनाम सामान्यनाम बनले होते व त्याचा अर्थ 'प्रथम प्रतीचा घरगुती कोळसा' असा झाला होता. पैठणचे नाव वस्त्राला लागून 'पैठणी' झाली आणि मग ती येवल्यासही विणली जाऊ लागली, तसाच हा प्रकार होय.

१८६० च्या आगेमागे न्यूकासलच्या पश्चिमेस जी नवी कंपनी पुढे आली तिने 'न्यूकासल वॉल्सएंड कोल कंपनी' असे नाव घेतले. ह्या नावातील दोन्ही पदे बाजाराशी बोलतात. पहिले पद बंदराचे, तर दुसरे मालाच्या प्रतीचे. हे नाव आधी कंपनीच्या कागदावर आले, मग खाणीला लागले आणि खाणीच्या तोंडाशी वस्ती झाली तेव्हा शेवटी गावाला लागले. हा क्रम महत्त्वाचा आहे. मायभूमीच्या आठवणीने नाव दिले असते तर ते प्रथम वस्तीला अथवा घराला लागून मग खाणीकडे गेले असते.

शेजारच्या गावांची नावे ह्याच निष्कर्षास पुष्टी देतात. ॲग्रिकल्चरल कंपनीच्या कामगारांनी आपल्या वस्तीला 'बोअरहोल' अथवा 'पिट टाउन' म्हटले. पहिले नाव ज्या छिद्रावरून कोळशाचा थर सापडला त्याचे, तर दुसरे केवळ 'खाणीचे गाव' एवढ्याच अर्थाचे. आज त्या भागाला हॅमिल्टन म्हणतात व ते नाव कंपनीचे अध्वर्यू एडवर्ड टेरिक हॅमिल्टन ह्यांचे आहे. मेरीवेदर हे उपनगर त्याच कंपनीचे अधीक्षक एडवर्ड मेरीवेदर ह्यांच्या नावाचे. ह्यावरून असे दिसते की, कामगारांनी स्वतः दिलेली नावे साधी, वर्णनात्मक व स्थानिक होती. इंग्लंडहून आणलेली अथवा अधिकाऱ्यांची नावे ज्यांच्या हाती भूमी, नकाशा आणि छापखाना होता त्यांनी दिली.

ह्याला एक अपवाद नोंदविला पाहिजे. १८६३ मध्ये सुरू झालेल्या लॅम्ब्टन खाणीचा व्यवस्थापक टॉमस क्राउडेस हा स्वतः डरहम परगण्यातून आलेला होता. लॅम्ब्टन हे डरहमच्या उमराव घराण्याचे व त्यांच्या खाणींचे नाव. अशा ठिकाणी आठवण आणि व्यापार ह्यांची सरमिसळ असणे शक्य आहे. परंतु 'लॅम्ब्टन' हेही लंडनच्या बाजारात कोळशाचे नाव होते हे विसरून चालणार नाही. आठवण असेल तर ती व्यवस्थापकाची होती, आणि ती नेमकी व्यापाराला उपयोगी पडणारी होती.

५. खाणीच्या पोटातील भाषा

कामगारांची आठवण जर नावांत नाही, तर ती कोठे आहे? प्रस्तुत लेखकाच्या मते ती खाणीच्या पोटात, व्यवसायशब्दांत आहे. नॉर्थंबरलंड, डरहम, स्कॉटलंड, वेल्स आणि कॉर्नवॉल येथून आलेल्या माणसांनी आपली कामाची परिभाषा बरोबर आणली. ती कोणत्याही कंपनीने छापून दिलेली नव्हती.

ह्यांतील सर्वांत अर्थपूर्ण शब्द 'कॅव्हिल' हा होय. ह्या खाणींत कोळसा 'बोर्ड आणि पिलर' पद्धतीने काढीत. थरामध्ये खोल्यांसारख्या मोकळ्या जागा, म्हणजे 'बोर्ड', खणीत जावयाचे आणि छप्पर तोलून धरण्यासाठी मध्ये कोळशाचेच खांब, म्हणजे 'पिलर', सोडावयाचे. कामगाराला मजुरी टनावर मिळे. परंतु सर्व जागा सारख्या नसत. एखादी जागा कोरडी व उंच, तर दुसरी ओली, ठेंगणी किंवा कठीण कोळशाची. चांगली जागा मिळालेल्याची कमाई आपोआप वाढे. मर्जीतल्या माणसाला चांगली जागा देण्याची सत्ता व्यवस्थापकाच्या हाती राहू नये म्हणून ठराविक मुदतीने, साधारणतः तिमाहीला, चिठ्ठ्या टाकून जागा वाटण्यात येत. ह्या चिठ्ठ्यांना 'कॅव्हिल' म्हणत. हा शब्द इंग्लंडच्या ईशान्य भागातील खाणींतून आला. त्याचे मूळ वाटा अथवा चिठ्ठी ह्या अर्थाच्या डच-जर्मन कुळातील शब्दाशी जोडले जाते. एका शब्दाबरोबर येथे न्यायाची एक संपूर्ण रीत समुद्रापार आली.

दुसरा शब्द 'डार्ग'. हा स्कॉटिश असून 'दिवसाचे काम' ह्या अर्थाच्या जोडशब्दाचा संक्षेप आहे. ऑस्ट्रेलियात त्याचा अर्थ कामगारांनी आपसांत ठरविलेली दिवसाच्या उत्पादनाची मर्यादा असा झाला. एकाने अधिक खणून दुसऱ्याचा दर पाडू नये, हा त्यातील हेतू. मालक ह्या शब्दाचा उच्चार आळसाच्या आरोपासारखा करीत, तर कामगार परस्परविश्वासाच्या खुणेसारखा करीत. एकाच शब्दाचा मूल्यभाव वक्त्याच्या स्थानाप्रमाणे कसा उलटतो ह्याचे हे उत्तम उदाहरण आहे. ह्यांखेरीज कोळसा काढून झाल्यावर कोसळू दिलेली पोकळी म्हणजे 'गोफ', डब्यातील न्याहारी म्हणजे 'क्रिब', संघटनेची शाखा म्हणजे 'लॉज', असे कितीतरी शब्द खाणींत रूढ होते.

ह्या शब्दांना आधार देणारी माणसेही संघटित होती. वॉल्सएंडला लागूनच असलेल्या प्लॅट्सबर्ग येथे १८६१ च्या सुमारास, मालकांशी झालेल्या झगड्यानंतर, कामगारांच्या पुढाकाराने सहकारी खाण काढण्यात आली. भांडवलाच्या अभावी ती कामगारांच्या हाती टिकली नाही. परंतु तिच्याशी निगडित असलेला स्कॉटिश खाणकामगार जेम्स फ्लेचर हा पुढे खाणीचा व्यवस्थापक, न्यूकासलच्या दैनिकाचा मालक आणि वसाहतीच्या मंत्रिमंडळाचा सदस्य झाला. १९०९-१० च्या मोठ्या संपात पीटर बोलिंग ह्या पुढाऱ्यास बेड्या घालून नेण्यात आले. १९२९ च्या मार्चमध्ये मजुरी कमी करण्यासाठी मालकांनी खाणी बंद केल्या. ती टाळेबंदी सुमारे पंधरा महिने चालली आणि तिच्यात, १६ डिसेंबर १९२९ रोजी, रॉथबरी येथे पोलिसांच्या गोळीबारात नॉर्मन ब्राउन हा तरुण कामगार मृत्यू पावला.

६. मिनमी : उठून गेलेले गाव

मिनमीचा इतिहास वॉल्सएंडहून वेगळा आहे, आणि त्याचे नावही वेगळ्या थरातले आहे. ते इंग्लंडहून आणलेले नाही. जॉन ईल्स ह्या जमीनदाराने येथे खाण काढून हंटर नदीवरील हेक्सहॅमपर्यंत लोहमार्ग नेला. १८५९ मध्ये जेम्स व अलेक्झांडर ब्राउन ह्या बंधूंनी ही मालमत्ता विकत घेतली. ॲग्रिकल्चरल कंपनीच्या एकाधिकाराला १८४० नंतरच्या दशकात आव्हान देणारे हेच ते बंधू. मधल्या काळात मालकी एकदा हस्तांतरित झाली तरी मिनमी शेवटी ब्राउन कुटुंबाचेच गाव म्हणून ओळखले गेले. खाण त्यांची, लोहमार्ग त्यांचा, आणि गावाचा बराच भाग त्यांच्या जमिनीवर होता.

ह्या व्यवस्थेचा परिणाम पुढे दिसून आला. १८८६ मध्ये एजवर्थ डेव्हिड ह्या भूगर्भशास्त्रज्ञाने पश्चिमेस, आजच्या ॲबरमेनजवळ, ग्रेटा थराचा शोध लावला. हा थर न्यूकासलच्या जुन्या थरांहून जाड, आणि त्याचा कोळसा वायू करण्यास व वाफेच्या यंत्रांस उत्कृष्ट होता. भांडवल तिकडे वळले. १९०२ मध्ये करी करी हे नवे गाव आखण्यात आले. ब्राउन कंपनीने पिलॉ मेन व रिचमंड मेन ह्या खाणींवर आपले लक्ष केंद्रित केले. मिनमीच्या खाणी विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकांत बंद पडत गेल्या, आणि कामगार गेले ते आपली घरे घेऊन गेले. लाकडी घरे मोडून, गाडीवर घालून, करी करी व वेस्टन येथे पुन्हा उभारण्यात आली. ज्या गावात माणसाची जमिनीत गुंतवणूक नसते तेथे घर ही देखील जंगम वस्तू ठरते. मिनमीचा जुना लोहमार्ग मात्र राहिला. नव्या खाणींचा कोळसा त्याच्याशी जोडलेल्या मार्गाने हेक्सहॅमकडे वाहत राहिला, आणि ती वाहतूक १९८७ पर्यंत वाफेच्या इंजिनांनीच चालली.

नव्या खाणींच्या नावांत 'मेन' हे पद वारंवार येते. टाइनकाठी कोळशाच्या मुख्य थराला 'मेन' म्हणत. तेथून ते खाणींच्या नावांत व मालाच्या नावांत आले आणि येथे त्याला जवळजवळ प्रत्ययाची कळा आली. 'ॲबरमेन' ह्या नावात वेल्श 'ॲबर' आणि टाइनकाठचा 'मेन' ह्यांचा संकर झाला आहे. 'निक्किन्बा' मधील 'बा' ज्या ठिकाणी 'कोळसा जेथे आहे ती जागा' असे सांगत होता, त्याच प्रदेशात शंभर वर्षांच्या आत 'मेन' हे पद तेच कार्य करू लागले. भाषा बदलली तरी नामकरणाची गरज बदलली नाही.

७. उपनगर

वॉल्सएंड मिनमीप्रमाणे उठून गेले नाही, ह्याची कारणे दोन. एक, तेथे १८७४ पासून नगरपालिका होती व अनेकांची स्वतःची घरे होती. दुसरे, १८८७ मध्ये न्यूकासलपासून प्लॅट्सबर्गपर्यंत वाफेची ट्राम सुरू झाली. ट्राममुळे खाण बंद झाली तरी माणसाला गाव न सोडता काम बदलता येऊ लागले. १९१५ मध्ये न्यूकासल बंदराकाठी ब्रोकन हिल प्रोप्रायटरी कंपनीचा पोलाद कारखाना सुरू झाला, आणि पश्चिमेकडील खाणगावांतील पुढची पिढी कारखान्याकडे वळली. १९३८ मध्ये वॉल्सएंड, लॅम्ब्टन, न्यू लॅम्ब्टन, हॅमिल्टन, मेरीवेदर, वराटा, स्टॉकटन आदी नगरपालिका न्यूकासलमध्ये विलीन करून बृहन्न्यूकासल नगरपालिका स्थापन झाली. 'उपनगर' ही संज्ञा ह्या गावांना कायद्याने लागली ती तेव्हापासून. १९५० मध्ये ट्राम बंद होऊन बस व मोटार आली. १९९९ मध्ये पोलाद कारखानाही बंद झाला. एकविसाव्या शतकात द्रुतगती मार्गांच्या सान्निध्यामुळे मिनमी व त्याच्या आसपास नवीन घरांच्या वसाहती उठल्या, आणि ज्या गावातून घरे वाहून नेली होती तेथे घरे पुन्हा आली.

परंतु ही घरे कशावर उभी आहेत? जुन्या थरांतून कोळसा काढताना सोडलेले खांब कालांतराने झिजतात, कधी दबतात, आणि वरची जमीन खचते. म्हणून न्यू साउथ वेल्समध्ये १९२८ पासून खाणींमुळे जमीन खचण्यासंबंधी स्वतंत्र कायदा आहे. अशा क्षेत्रात बांधकाम करण्यापूर्वी विशेष संमती घ्यावी लागते, आणि मोठ्या इमारतींसाठी खालील पोकळ्या सिमेंटयुक्त मिश्रणाने भराव्या लागतात. 'बोर्ड', 'पिलर', 'गोफ' हे शब्द खाणकामगारांच्या तोंडून गेले, पण अभियंत्याच्या अहवालात व घर घेणाऱ्याच्या कागदपत्रांत उरले. ज्याने खाण कधी पाहिली नाही त्यालाही आपल्या घराखाली कोणता थर आहे हे विचारावे लागते. शब्दांच्या इतिहासात असे क्वचितच घडते की, व्यवसाय मेला तरी त्याची परिभाषा कायद्याने जिवंत ठेवावी लागते.

८. उपसंहार

वरील विवेचनातून तीन थर स्पष्ट होतात. सर्वांत खाली 'निक्किन्बा', 'मुलुबिन्बा' ही स्थानवर्णनपर नावे. त्यांवर बाजाराने व सत्तेने आणलेली 'न्यूकासल', 'वॉल्सएंड', 'हॅमिल्टन' ही नावे. आणि ह्या दोहोंच्या मध्ये, बहुतांशी अलिखित, 'पिट टाउन', 'कॅव्हिल', 'डार्ग' ही कामगारांची भाषा. परदेशी आलेल्या कामगाराची आठवण नकाशावर शोधणे व्यर्थ होय. ती कामाच्या वाटणीत आणि न्यायाच्या कल्पनेत शोधली पाहिजे.

खालचा थरही पूर्णपणे बुजलेला नाही. थ्रेल्केल्ड व बिराबान ह्यांच्या नोंदींच्या आधारे २००६ मध्ये अमांडा लिसाराग ह्यांनी ह्या भाषेचे नवे व्याकरण व शब्दसंग्रह सिद्ध केला. न्यूकासल येथील मिरोमा ही संस्था तिच्या पुनरुज्जीवनाचे कार्य करते. २०१६ मध्ये न्यूकासल परिसरातील आठ स्थळांना इंग्रजी नावांच्या जोडीने मूळ नावे अधिकृतपणे देण्यात आली. ज्या दोन माणसांनी एकत्र बसून शब्द लिहून ठेवले त्यांच्या कष्टाचे हे फळ पावणेदोनशे वर्षांनी मिळाले. लिहिले नसते तर परत देण्यासारखे काही उरलेच नसते.

ह्या गोष्टीचा आपल्याशी असलेला संबंध दूरान्वयाचा नाही. न्यूकासलचा कोळसा आणि आपल्या वर्धा खोऱ्यातील कोळसा ही एकाच पर्मियन युगाची संपत्ती असून दोहोंत ग्लॉसोप्टेरिस ह्या लुप्त वनस्पतीचे ठसे सापडतात. भारतीय भूगर्भ सर्वेक्षणातील ओट्टोकार फाइस्टमांटेल ह्याने एकोणिसाव्या शतकातच दोन्ही देशांतील अशा अवशेषांचा अभ्यास केला होता. आणि ज्या प्राचीन भूखंडाचे हे दोन्ही प्रदेश भाग होते त्याला शास्त्रज्ञांनी जे नाव दिले ते 'गोंडवन', म्हणजे गोंडांच्या देशाचे नाव. इंग्लंडच्या भिंतीचे नाव न्यू साउथ वेल्सच्या पृष्ठभागाला लागले, तर मध्य भारतातील एका जनसमूहाचे नाव त्याच्या भूगर्भाला लागले.

तथापि ज्यांचे नाव शास्त्राने पृथ्वीभर नेले त्यांच्या गावांची नावे आपण कितपत टिपली आहेत? चंद्रपूर-वणीकडील उघड्या खाणींसाठी संपूर्ण गावे हलविली जातात. गाव हलले की शेताचे, ओढ्याचे, टेकडीचे नाव उच्चारण्याचे प्रयोजनच संपते. वॉल्सएंडमध्ये भूमिगत खाणीवर गाव तरी राहिले. उघड्या खाणीत नावाला टेकावयास जमीनही राहत नाही. गोंडी, कोलामी व वऱ्हाडी नावांचा आणि खाणकामगारांच्या मिश्र बोलीचा शब्दसंग्रह करणे हे काम आपल्या पदव्युत्तर विद्यार्थ्यांच्या आवाक्यातील आहे. त्यासाठी मोठे साहित्य लागत नाही. एक वही, एक जाणता वक्ता आणि त्याच्याजवळ बसण्याची तयारी एवढेच लागते. मात्र वक्ता जिवंत आहे तोवरच ते होऊ शकते.